टिंगल साहेबाची, खर्चही साहेबाचाच: समाजवादी देशांतले कामधंद्यावरचे विनोदी पिक्चर

गेल्या आठवड्यात भाच्याने एक क्लिप पाठवली. पोलंडमधली खानावळ आहे, लोक दाटीवाटीने टेबलाशी बसलेत, वाट्या टेबलाला चक्क स्क्रूने पक्क्या केलेल्या आणि चमचे साखळीने बांधलेले, तेही एक साखळी दोघांत, म्हणजे समोरच्याने घास उचलला की तुमचा चमचा वाटीतून निघून त्याच्याकडे चालला. दोघं निमूटपणे आळीपाळीने खातायत, कोणाला त्यात काही वावगं वाटत नाही. मी बघून हसलो आणि लगेच आपल्या बँकेतलं सुतळीला बांधलेलं पेन आठवलं, आणि एसटी स्टँडवरच्या पाणपोईचा साखळीवाला ग्लास.

क्लिपखाली भाच्याचा प्रश्न होता, "मामा, तिकडे सरकारवर जोक मारला की आत टाकायचे ना? मग हा पिक्चर काढला कोणी, आणि पैसे कोणी दिले?"

पैसे सरकारने दिले. तिथे पिक्चरला दुसरं कोणी पैसे देणारं नव्हतंच. पिक्चरचं नाव 'मिश', म्हणजे टेडी बेअर, दिग्दर्शक स्तानिस्वाव बारेया, साल १९८१. आता हे कसं काय झालं ते फोनवर टाइप करून सांगण्यासारखं नव्हतं, म्हणून हा लेख.

आधी एवढं समजून घ्या: सगळा देशच एक कंपनी

समाजवाद या शब्दावर मोठमोठी पुस्तकं आहेत, ती राहू द्या. इथे समाजवाद म्हणजे सोव्हिएत युनियनमध्ये १९१७ च्या क्रांतीनंतर, आणि पोलंड, हंगेरी, चेकोस्लोव्हाकिया वगैरे देशांत दुसऱ्या महायुद्धानंतर आली आणि १९८९-९१ पर्यंत टिकली ती व्यवस्था, आणि थोड्या वेगळ्या रूपात चीन नि क्युबातली. कारखाने, दुकानं, हॉटेलं, सलून, स्टुडिओ, जवळपास सगळं सरकारच्या मालकीचं.

आपल्याकडे मोठ्या कारखान्यांच्या कॉलन्या असतात बघा. कंपनीचं क्वार्टर, कंपनीची शाळा, कंपनीचा दवाखाना, गणपतीत कंपनीच्या क्लबात कार्यक्रम. आता अशी कॉलनी डोळ्यासमोर आणा जिला बाहेर जायचं गेटच नाही. भाजीवाला कंपनीचा, न्हावी कंपनीचा, पेपर कंपनीचा, पोलीस कंपनीचे. साहेबाशी भांडण झालं तर दुसरीकडे नोकरी बघतो म्हणायची सोय नाही कारण दुसरीकडेही हीच कंपनी.

अशा ठिकाणी ऑफिसवर केलेला विनोद नुसता ऑफिसवरचा राहतच नाही. अमेरिकेत एखाद्या पिक्चरात मूर्ख मॅनेजर दाखवला तर तो त्या मॅनेजरवरचा जोक झाला. मॉस्कोत प्लंबर कामचुकार दाखवला तर तो प्लंबर सरकारी, त्याचा पाना सरकारी, त्याला ओरडणारी मीटिंगही सरकारी. म्हणून या लोकांनी राजकारणावर पिक्चर काढायच्या भानगडीत न पडता नळदुरुस्ती, खानावळ, हिशेबाचं ऑफिस असले विषय घेतले, आणि प्रेक्षकांना जे कळायचं ते कळलं.

टार्गेटचा घोळ

दुसरी गोष्ट म्हणजे प्लॅन. कोणत्या कारखान्याने वर्षात किती माल काढायचा ते वरून ठरून यायचं. ऐकायला शिस्तीचं वाटतं, पण शाळेत बाई जेव्हा "पाच पानं निबंध लिहा" म्हणायच्या तेव्हा आपण काय करायचो? अक्षर मोठं काढायचो. तिथेही तेच. 'क्रोकोदिल' म्हणजे मगर नावाचं सोव्हिएत व्यंगचित्रांचं मासिक होतं, १९२२ ला सुरू झालेलं, त्यातलं एक चित्र प्रसिद्ध आहे: खिळ्यांच्या कारखान्याने महिन्याचं टार्गेट पूर्ण केलंय, आणि क्रेनला लटकतोय एकच भलामोठा खिळा. टार्गेट वजनात होतं ना!

यातून जे होतं त्याला हंगेरीच्या यानोश कोर्नई या अर्थशास्त्रज्ञाने १९८० साली टंचाईची अर्थव्यवस्था म्हटलं, आणि पुस्तक हंगेरीतच छापलं हे विशेष. त्याचा मुद्दा सोपा करून सांगायचा तर असा. बापाच्या पैशावर दुकान चालवणारा पोरगा असतो, तोटा झाला की बाप भरतो, मग तो गिऱ्हाइकाकडे कशाला बघेल, तो बापाकडे बघणार. कारखाने तसेच. तोटा झाला तरी बंद पडत नाहीत, मग मिळेल तो कच्चा माल भरून ठेवतात, आणि दुकानात मात्र हवी ती वस्तू नसते. वस्तू नसली की जो काउंटरच्या आत तो राजा, आणि गिऱ्हाईक हात जोडून उभं. रशियन भाषेत वशिल्याला 'ब्लात' म्हणतात, आणि त्याशिवाय चांगले बूट मिळणं कठीण.

'मिश'मधलं ते अस्वल आता कळेल. हिरो म्हणजे एका स्पोर्ट्स क्लबचा अध्यक्ष ओखुद्स्की, पक्का बेरकी माणूस. गवताचं एक अवाढव्य अस्वल बनवायचं काम चाललंय. ते कशासाठी? कशासाठीच नाही. जितकं महाग तितकं बरं, कारण खर्चाच्या टक्केवारीवर वाटा मिळतो, नंतर अस्वल उघड्यावर कुजणार, मग कमिटी येऊन नष्ट झाल्याचा पंचनामा करणार, की फाईल बंद. हे वाचताना तुम्हाला तुमच्या गावातला एखादा रस्ता आठवला असेल तर तो तुमचा प्रश्न.

कागद मोठा की मेलेला माणूस

माझा स्वतःचा लाडका पिक्चर मात्र क्युबाचा आहे. तोमास गुतिएरेझ आलेआचा १९६६ चा, नावाचा अर्थ 'एका नोकरशहाचा मृत्यू'.

एक आदर्श कामगार असतो. त्याने होसे मार्तीचे, म्हणजे क्युबाच्या राष्ट्रीय नेत्याचे, अर्धपुतळे धडाधड पाडणारं मशीन शोधून काढलेलं असतं. एक दिवस तो त्याच मशीनमध्ये पडून मरतो. सहकाऱ्यांना भरून येतं, आणि मानाची खूण म्हणून ते त्याचं कामगार ओळखपत्र त्याच्यासोबत पुरतात. झालं. विधवा पेन्शनला अर्ज करायला जाते तर खिडकीतला माणूस म्हणतो, ओळखपत्र आणा. ते तर शवपेटीत. मग प्रेत उकरायची परवानगी काढा. ती मिळायची नाही, कारण पुरून अजून पुरेसे दिवस झाले नाहीत. शेवटी पुतण्या रात्री चोरून उकरतो, कार्ड मिळतं, पण आता प्रेत परत पुरायचं कसं? स्मशानाचा व्यवस्थापक रजिस्टर बघतो, हा माणूस आधीच पुरलेला आहे. उकरल्याचा अधिकृत कागद दाखवा तर परत पुरतो. कागद नाही, कारण उकरलं चोरून. मग प्रेत घरात, आणि घराच्या वर गिधाडं घिरट्या घालायला लागतात.

यातली गंमत अशी की प्रत्येक खिडकीतला माणूस आपापल्या जागी बरोबर आहे. कोणी लाच मागत नाही, कोणी दुष्ट नाही, नियम तसा आहे बस.

आमच्या आत्याला पेन्शन आहे आणि दर नोव्हेंबरमध्ये हयातीचा दाखला द्यावा लागतो. एका वर्षी तिचा अंगठा मशीनवर उमटेना, भांडी घासून घासून रेषाच गेलेल्या. काउंटरवरची मुलगी बिचारी चांगली होती, ती आत्याशी बोलत होती, पाणी दिलं, तब्येत विचारली, आणि म्हणाली "आजी, सिस्टिममध्ये तुम्ही येत नाही ओ." समोर बसलेल्या बाईला जिवंत म्हणायला मशीन तयार नाही! आलेआचा पिक्चर मी त्यानंतर परत पाहिला आणि पहिल्यापेक्षा जास्त हसलो, आणि थोडं कमीही.

मग परवानगी मिळायची कशी?

आता मूळ प्रश्न. १९५२ च्या ऑक्टोबरात, स्टालिन जिवंत असताना, सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाच्या एकोणिसाव्या अधिवेशनात मालेन्कोव्ह या बड्या नेत्याने जाहीर सांगितलं की आम्हाला सोव्हिएत गोगोल आणि श्चेद्रिन हवेत, म्हणजे त्या जुन्या व्यंगकारांसारखे लेखक, जे समाजातली घाण विनोदाच्या आगीत जाळतील. लगेच पुढच्या वर्षी त्यावर एक चारोळी फिरली, तिचा आशय असा की हसायला आमची ना नाही, फक्त श्चेद्रिन जरा प्रेमळ हवेत आणि गोगोल असे की आम्हाला हात लावणार नाहीत.

त्या चारोळीतच सगळा नियम आला. टिंगल करा, पण एका माणसाची. खालचा मॅनेजर मूर्ख, वरचं धोरण शहाणं. सोसायटीत डास झाले तर डास मारायच्या फवारणीला सेक्रेटरी आनंदाने पैसे देतो, पण पाण्याची टाकी कोणी फुटकी बांधली हे विचारलं की मीटिंग संपते.

याचा सर्वात सुबक नमुना म्हणजे १९५६ चा 'कार्निव्हलची रात्र', दिग्दर्शक एल्दार रियाझानोव्ह. थर्टी फर्स्टचा कार्यक्रम आहे, आणि कल्चर हाऊसचा प्रभारी संचालक अगुर्त्सोव्ह म्हणतो सगळं गंभीर आणि शिस्तीत झालं पाहिजे. विदूषकांचे संवाद तपासतो, मंगळावर जीवसृष्टी आहे का यावर व्याख्यान ठेवतो. तरुण मंडळी त्याला गुंडाळून धमाल कार्यक्रम करतात. शेवटी हा माणूस प्रेक्षकांकडे बघून अधिकृतपणे जाहीर करतो की जे काही झालं त्याला मी जबाबदार नाही. पावणेपाच कोटींहून जास्त लोकांनी हा थिएटरात बघितला. आणि अगुर्त्सोव्ह 'प्रभारी' आहे हे लक्षात घ्या, म्हणजे तो कायमचा नाही, जाईल.

त्याच नटाने, इगोर इल्यिन्स्कीने, १९३८ मध्ये 'व्होल्गा-व्होल्गा'त असाच एक साहेब केला होता, वाद्यांच्या छोट्या कारखान्याचा मॅनेजर, ज्याला मॉस्कोत बढती हवी असते. तो स्टालिनचा अतिशय आवडता पिक्चर. आणि त्याच पिक्चरवर काम करणारा कॅमेरामन व्लादिमीर निल्सेन शूटिंगच्या काळात पकडला गेला, १९३८ च्या जानेवारीत त्याला गोळ्या घातल्या, आणि श्रेयनामावलीतून नाव काढलं. पडद्यावर साहेबाची फजिती बघून हॉल हसतोय, आणि ते दृश्य टिपणाऱ्यातला एक जण नाहीये. म्हणून "तिकडे विनोदाला परवानगी होती" असं कोणी सरसकट म्हटलं की मला जरा थांबावंसं वाटतं.

क्युबाचा पिक्चर सुटला त्याचंही कारण आहे. त्या वर्षांत क्युबा सरकारनेच नोकरशाहीविरुद्ध मोहीम काढली होती, त्यामुळे पिक्चर मोहिमेच्या बाजूचा ठरला. वेळ साधली म्हणायचं.

आणि रेषा ओलांडली की?

हंगेरीचा 'साक्षीदार', पेतेर बाचोचा. १९६९ मध्ये तयार झाला, आणि लोकांना दिसला १९७९ मध्ये.

मी हा कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीत पाहिला, सबटायटल अर्धी पडद्याच्या खाली जात होती. पेलिकान नावाचा साधा माणूस डॅन्यूब नदीच्या बांधाचा राखणदार आहे. घरचं डुक्कर चोरून कापतो म्हणून तुरुंगात जातो. मग कॉम्रेड विराग नावाचा मोठा अधिकारी त्याला सोडवतो आणि एकेक मोठी पोस्ट देतो. स्विमिंग पूलचा संचालक, मग करमणूक पार्कचा, मग संत्री संशोधन संस्थेचा. पेलिकान म्हणतो मला यातलं काही येत नाही हो, पण ते कोणी ऐकत नाही, आणि प्रत्येक पोस्टनंतर तो परत तुरुंगात. संत्र्यांचा सीन तर कहर आहे. हंगेरीच्या थंडीत पहिलं संत्रं पिकलंय, मोठा नेता चाखायला येणार, आणि ऐन वेळी पेलिकानचं पोरगं ते खाऊन टाकतं. मग लिंबू ठेवतात. नेता चावतो, तोंड वाकडं. पेलिकान समजावतो, नवीन हंगेरियन संत्रं आहे साहेब, थोडं पिवळं, थोडं आंबट, पण आपलं आहे.

पण हे सगळं फुकट नसतं. या उपकारांच्या बदल्यात त्याला आपल्याच जुन्या मित्राविरुद्ध, एका मंत्र्याविरुद्ध, कोर्टात खोटी साक्ष द्यायची असते. हंगेरीत १९४९ मध्ये लास्लो राइक या मंत्र्यावर खरोखर असा खटला चालवून त्याला फाशी दिलं होतं, त्यामुळे कोणाबद्दल चाललंय ते प्रेक्षकांना सांगायची गरज नव्हती. पाठ करायला साक्षीचे कागद देतात तेव्हा चुकून त्यात निकालपत्रच असतं, खटला सुरू व्हायच्या आधीचं. इथे मूर्ख एकटा साहेब नाही, पूर्ण यंत्रणाच तशी आहे. दहा वर्षं डब्यात.

असे पिक्चर इतके झाले की पोलिश लोकांनी त्यांना शब्दच काढला, 'पुवकोव्निक'. 'पुवका' म्हणजे फळी, शेल्फ, आणि उच्चार अगदी 'कर्नल' या अर्थाच्या पोलिश शब्दासारखा. थोडक्यात फळीवर बढती मिळालेले कर्नल. चेक यिरी मेन्झेलचा 'तारेवरचे चंडोल' १९६९ ला बनला, भंगाराच्या यार्डात प्राध्यापक, वादक वगैरे 'बूर्ज्वा', म्हणजे जुन्या सुखवस्तू वर्गातल्या, लोकांना सुधारणेसाठी राबवतायत अशी गोष्ट, तो एकवीस वर्षं फळीवर होता, १९९० ला बाहेर आला आणि बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात गोल्डन बेअर हे सर्वोच्च बक्षीस घेऊन गेला. मिलोश फोरमनच्या १९६७ च्या पिक्चरात तर अग्निशमन दलाच्या पार्टीत लॉटरीची बक्षिसं चोरीला जातात, परत ठेवायला संधी म्हणून दिवे घालवतात, आणि दिवे लागतात तेव्हा उरलेलीही गेलेली. रशियन रणगाडे १९६८ ला चेकोस्लोव्हाकियात आल्यानंतर तो बंद. चीनमध्ये ल्यू बानने १९५७ मध्ये एक कॉमेडी केली, त्यात विनोदावर काठी उगारणारा एक टीकाकार दाखवला, आणि खरोखर काठी बसली, ल्यू बानला पुन्हा कधीच पिक्चर करू दिला नाही.

"म्हणजे हे प्रेशर कुकरची शिट्टीच की"

हा आक्षेप नेहमी येतो, की लोकांची वाफ जावी म्हणून सरकारच असले पिक्चर सोडायचं. थोडं खरं आहे. पण शिट्टीचं कसं असतं, कधी वाजायची ते कुकर ठरवतो. या पिक्चरांबाबत सरकारलाही नक्की माहीत नसायचं कुठला जोक कुठे लागेल. 'मिश'च्या सेन्सॉरने कात्री चालवूनही इतकं उरलं की त्यातली वाक्यं पोलंडमध्ये आजही बोलण्यात येतात. हंगेरीत १९८९ मध्ये एक साप्ताहिक निघालं, त्याचं नाव 'मॉज्यर नारांच', हंगेरियन संत्रं. वाफ गेली पण शब्द राहिले.

"हे तर आपल्याकडेही आहे, त्यात समाजवाद कुठून आला?"

बरोबर, रांग, शिक्का, साहेब जागेवर नाहीत, सगळं ओळखीचं आहे. पण एक फरक फार मोठा आहे. आपल्या आणि अमेरिकेच्या नोकरीवरच्या पिक्चरांत मुख्य भीती असते नोकरी जाण्याची. तिकडे ती भीती जवळजवळ नाहीच. १९७५ चा सोव्हिएत पिक्चर 'अफोन्या' घ्या, दारुडा प्लंबर, त्याला काढून टाकत नाहीत, मीटिंग भरवतात, एकेक जण उठून त्याला समजावतो, तो मान खाली घालून ऐकतो, आणि परत आपल्या वाटेला. सहा कोटींवर प्रेक्षक होते त्याला. त्यामुळे तिथला विनोद भीतीतून येत नाही, कंटाळ्यातून येतो, आपण काही केलं काय आणि नाही केलं काय, फरक पडत नाही यातून.

आणि त्यातूनच एक उबही येते, जी मला आधी कळली नव्हती. रियाझानोव्हचा १९७७ चा 'ऑफिसमधलं प्रेम' मॉस्कोच्या सांख्यिकी ऑफिसात घडतो. सुरुवातीलाच हिरो म्हणतो की सांख्यिकी नसती तर आपण किती छान काम करतो याचा आपल्याला पत्ताच लागला नसता. सकाळी बायका टेबलाशी बसून आधी मेकअप करतात. एक बाई युनियनतर्फे सतत वर्गणी काढत फिरते, कोणाला बाळ झालं, कोणी गेलं. ती एका बुब्लिकोव्हच्या अंत्यविधीची वर्गणी काढते, हार येतो, फोटो लागतो, आणि बुब्लिकोव्ह स्वतः जिना चढून येतो, कारण मेलेला बुब्लिकोव्ह दुसराच. इथे ऑफिस म्हणजे नुसती कामाची जागा नाही, माणसांचं गाव आहे ते, भांडणासकट. ज्यांनी त्या काळात नोकरी केली ते लोक याला अजून जीव लावून बघतात, आणि ते काही मूर्ख नाहीत.

सुरुवात कुठून करू?

मॉसफिल्म स्टुडिओने आपले बरेच पिक्चर यूट्यूबवर फुकट टाकलेत, सबटायटलसकट. भाच्याला मी 'गॅरेज' बघायला सांगितलाय, रियाझानोव्हचाच, १९७९ चा. प्राण्यांच्या संरक्षणावर संशोधन करणारी संस्था, तिच्या लोकांची गॅरेजची सोसायटी. हायवे जाणार म्हणून जागा कमी पडते आणि चार जणांना काढायचंय. कमिटीने नावं आधीच ठरवलेली, अर्थातच ज्यांचा वशिला नाही त्यांची. एक बाई चिडून दाराला कुलूप लावते आणि किल्ली लपवते, आणि अख्खी मीटिंग म्युझियममधल्या पेंढा भरलेल्या प्राण्यांमध्ये रात्रभर अडकते. ज्याने आपल्या हाउसिंग सोसायटीची एकतरी वार्षिक सभा भोगलीय त्याला प्रत्येक चेहरा ओळखू येईल.

शेवटी चिठ्ठ्या टाकतात. नको असलेली चिठ्ठी निघते ती सगळी रात्र पाणघोड्याला टेकून गाढ झोपलेल्या एका माणसाच्या नावावर, ज्याला काय चाललंय याचा पत्ताच नाही. तो माणूस स्वतः रियाझानोव्ह आहे.